विभक्त आई-वडील आणि लहान मुलांच्या भेटीचा हक्क

सातारा आणि सांगली या दोन जिल्ह्यांतील ख्रिस्ती कुटुंबे संख्येने थोडी आणि दूरदूर विखुरलेली आहेत. त्यामुळे विवाह पुष्कळदा लांबच्या गावी जुळतात. मुलगी साताऱ्याची तर सासर मिरजेचे, किंवा याच्या उलट. पुढे पती-पत्नीत बेबनाव झाला आणि पत्नी मुलाला घेऊन माहेरी गेली, अथवा सासरच्यांनी मूल ठेवून घेऊन तिला एकटीलाच पाठविले, तर मूल आणि त्याच्या एका पालकामध्ये एकाएकी शेकडा-सव्वाशे किलोमीटरचे अंतर पडते. अशा वेळी धर्मगुरूंपुढे आणि घरातील वडीलधाऱ्यांपुढे जो विचार सुरू होतो तो विवाहाचा असतो. समेट होईल का, काही काळ वेगळे राहावे का, विवाह रद्दबातल ठरविता येईल का, हे प्रश्न आधी येतात. मुलाने दुसऱ्या पालकाला कधी आणि कोठे भेटायचे, हा प्रश्न मागे राहतो. सहा-आठ महिन्यांनी कोणाला त्याची आठवण होते, तेव्हा दीड वर्षाचे मूल स्वतःच्या पित्याला पाहून आईच्या पदराआड लपू लागलेले असते.

प्रस्तुत लेख या मागे पडणाऱ्या प्रश्नाविषयी आहे. त्यात पाच-सहा वर्षांखालील मुलांचाच प्रामुख्याने विचार केला आहे. मोठ्या मुलाला आपले मत सांगता येते, फोन करता येतो, प्रसंगी हट्ट धरता येतो. लहान मुलाला यांपैकी काहीच साधत नाही आणि त्याचा काळही मोठ्यांच्या काळासारखा मोजता येत नाही.

ताबा आणि भेट

कायद्याच्या भाषेत पालकत्व, ताबा आणि भेट हे तीन वेगवेगळे शब्द आहेत. बोलताना त्यांची सर्रास गल्लत होते. मुलाच्या वतीने निर्णय घेण्याचा अधिकार म्हणजे पालकत्व. रोजचा सांभाळ ज्याच्याकडे आहे त्याच्याकडे ताबा. ज्या पालकाकडे ताबा नाही त्याने ठरलेल्या वेळी मुलाजवळ असणे, त्याच्याशी बोलणे, त्याला फिरावयास नेणे, पुढे सुट्टीत काही दिवस आपल्याकडे ठेवून घेणे, हे सारे भेटीत येते. ताबा एकाकडे गेल्याने दुसऱ्याचे आई-बापपण संपत नाही. उलट भेटीचा हक्क मिळाला म्हणून ताबा मिळाला असेही होत नाही, आणि भेटीसाठी नेलेले मूल परत न करणे हा न्यायालयाच्या आदेशाचा भंग ठरतो.

हा हक्क मुळात मुलाचा आहे, हे पालकांच्या मनात क्वचितच असते. संयुक्त राष्ट्रांच्या बालहक्क संहितेच्या ९ व्या अनुच्छेदात, आई-वडिलांपासून वा त्यांपैकी एकापासून दुरावलेल्या मुलाला दोघांशीही नियमित संबंध ठेवण्याचा हक्क मान्य केला आहे. मुलाच्या हिताला बाध येत असेल तेवढाच अपवाद. भारताने ही संहिता डिसेंबर १९९२ मध्ये स्वीकारली. त्याच्याही पुष्कळ आधी, १९७३ साली, आपल्या सर्वोच्च न्यायालयाने एका ख्रिस्ती दांपत्याच्या खटल्यात हाच विचार मांडला होता. 'रोझी जेकब विरुद्ध जेकब चक्रमक्कल' या नावाने तो निर्णय आजही देशभरातील न्यायालयांत आधाराला घेतला जातो. मुले ही आई-वडिलांची मालमत्ता नव्हेत आणि त्यांच्या हातची खेळणीही नव्हेत, अशा आशयाचे शब्द त्यात आहेत. दुसरा मुद्दा व्यवहारात अधिक उपयोगी आहे. मुलांच्या ताब्याविषयीचे आदेश स्वभावतःच कायमचे नसतात. परिस्थिती बदलली आणि मुलाच्या हितासाठी आवश्यक ठरले तर ते बदलता येतात. एक वर्षाच्या मुलासाठी झालेली व्यवस्था ते पाच वर्षांचे झाल्यावर तशीच राहिली पाहिजे, असे बंधन नाही.

ख्रिस्ती कुटुंबांना लागू असलेला कायदा

'पाच वर्षांपर्यंत मूल आईचे, त्यानंतर बापाचे' हे वाक्य आपल्याकडे फार ऐकू येते. ख्रिस्ती कायद्यात असा नियम नाही. पाच वर्षांपर्यंतचे मूल सामान्यतः आईकडे असावे, ही तरतूद १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियमाच्या कलम ६ मधील आहे, आणि तिथेही पाच वर्षे पूर्ण होताच मूल पित्याकडे द्यावे असे म्हटलेले नाही. ख्रिस्ती मुलांना १८९० चा पालक व पाल्य अधिनियम लागू होतो. हा कायदा सर्व धर्मांच्या लोकांसाठी आहे आणि त्याच्या कलम १७ नुसार मुलाचे कल्याण पाहून निर्णय होतो. अगदी लहान मुलाच्या बाबतीत न्यायालये बहुधा आईकडे ताबा ठेवतात, तो याच विचाराने. या अधिनियमाच्या कलम १९ मध्ये पूर्वी पित्याचाच उल्लेख होता. २०१० च्या दुरुस्तीने तेथे पित्याबरोबर मातेलाही स्थान मिळाले.

दुसरा कायदा १८६९ चा घटस्फोट अधिनियम. न्यायिक विभक्ततेचा, घटस्फोटाचा किंवा विवाह शून्य ठरविण्याचा दावा चालू असेल तर कलम ४१ ते ४४ अन्वये त्याच न्यायालयाला मुलांचा ताबा, पोषण व शिक्षण यांविषयी आदेश देता येतात. २००१ च्या दुरुस्तीनुसार, दावा चालू असताना मुलांच्या पोषणाचा आणि शिक्षणाचा खर्च मागणारा अर्ज, प्रतिपक्षाला नोटीस मिळाल्यापासून शक्यतो साठ दिवसांत निकालात काढावा लागतो.

कॅथॉलिक वाचकांनी यातून एक गोष्ट नीट ध्यानात घ्यावी. मुलाला भेटण्यासाठी घटस्फोटाचा दावा लावण्याची गरज नाही. विवाहबंधन मोडण्याची इच्छा नसलेले कित्येक पालक 'कोर्टात गेलो म्हणजे घटस्फोटच' या समजुतीने वर्षानुवर्षे गप्प बसतात. पालक व पाल्य अधिनियमाखालील अर्जाचा विवाह टिकण्या-मोडण्याशी संबंध नाही. शिवाय १९८४ च्या कौटुंबिक न्यायालय अधिनियमाच्या कलम ७ मध्ये पालकत्व आणि ताबा यांच्या जोडीला अज्ञान मुलाच्या भेटीचाही विषय म्हणून स्पष्ट उल्लेख आहे. पती-पत्नी विभक्त राहत आहेत, समेटाची बोलणी चालू आहेत, आणि तरीही दर शनिवारी मुलाची भेट व्हावी म्हणून न्यायालयाचा आदेश आहे, असे होऊ शकते. किंबहुना समेटाची आशा जेथे आहे तेथे अशी व्यवस्था लवकर व्हावी हे अधिकच बरे, कारण भेट नाकारल्याची अढी मूळ भांडणापेक्षा खोल जाते.

अर्ज कोठे करावयाचा? पालक व पाल्य अधिनियमाच्या कलम ९ प्रमाणे, मूल जेथे सामान्यतः राहते तेथील जिल्हा न्यायालयात. कौटुंबिक न्यायालय असेल तेथे कौटुंबिक न्यायालयात. मूल सांगलीत आजोळी राहत असेल तर साताऱ्याच्या पित्याला बहुधा सांगलीलाच जावे लागेल. चार दिवसांसाठी पाहुणे म्हणून गेलेल्या मुलाचे ते राहण्याचे ठिकाण धरले जात नाही, आणि नेमक्या याच मुद्द्यावर पहिले काही महिने वाद रंगतात. घटस्फोट अधिनियमाखालील दावा मात्र विवाह जेथे लागला, पती-पत्नी जेथे राहतात किंवा शेवटचे एकत्र राहिले तेथेही लावता येतो. म्हणून एकाच कुटुंबाचे दोन खटले दोन जिल्ह्यांत, असा घोळ होतो. तो सोडविण्यासाठी खटला वर्ग करून घेण्याचा अर्ज उच्च न्यायालयाकडे करावा लागतो. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापूर येथे सुरू झाले असून सातारा व सांगली हे दोन्ही जिल्हे त्याच्या कक्षेत आले आहेत. सामान्य ऐपतीच्या पालकांना याचा मोठाच आधार आहे.

मूळ अर्जाचा निकाल लागण्यास वर्षे लागू शकतात. तोवर थांबणे म्हणजे लहान मुलाच्या बाबतीत निकाल आधीच लागल्यासारखे आहे. त्यासाठी कलम १२ आहे. त्यान्वये मुलाला ठरलेल्या ठिकाणी व वेळी हजर करण्याचा आणि तात्पुरत्या व्यवस्थेचा आदेश न्यायालय देऊ शकते. अंतरिम भेटीचा अर्ज मूळ अर्जाबरोबर पहिल्याच दिवशी द्यावा. वकिलाने 'पुढे बघू' म्हटले तरी आग्रह धरावा.

गोव्यातील एक खटला

आपल्या जवळचे एक उदाहरण गोव्याचे आहे. 'रोक्सॅन शर्मा विरुद्ध अरुण शर्मा' या खटल्यात आई ख्रिस्ती आणि वडील हिंदू होते. मूल तीन वर्षांहूनही लहान होते. गोव्यातील दिवाणी न्यायालयाने अंतरिम ताबा आईकडे दिला. मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा पीठाने तो फिरवला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. १७ फेब्रुवारी २०१५ रोजी न्या. विक्रमजित सेन आणि न्या. सी. नागप्पन यांनी ताबा पुन्हा आईकडे सोपविला. आई ताब्याला योग्य आहे हे आईने सिद्ध करावे, ही अपेक्षाच त्यांनी चुकीची ठरविली. इतक्या लहान मुलाला आईपासून का दूर ठेवावे, हे सिद्ध करण्याचा भार पित्यावर आहे, असे न्यायालयाने म्हटले. यासाठी आधार घेतला तो वर सांगितलेल्या १९५६ च्या हिंदू कायद्यातील कलम ६ चा. आंतरधर्मीय विवाह असलेल्या कुटुंबांनी हे लक्षात ठेवावे, कारण आपल्या धर्मग्रामांतही असे विवाह आहेत.

या निकालाचा उल्लेख बहुतेक वेळा 'आई जिंकली' एवढाच होतो. त्यात भेट म्हणजे काय आणि ती ताब्याहून कशी निराळी, याचीही चर्चा आहे, आणि पित्याच्या भेटीचे दार न्यायालयाने लावून घेतलेले नाही. पुढे २० जानेवारी २०२० रोजी 'यशिता साहू विरुद्ध राजस्थान राज्य' या निर्णयात सर्वोच्च न्यायालय आणखी स्पष्टपणे बोलले. मुलाला दोन्ही पालकांच्या प्रेमाचा हक्क आहे. अगदी टोकाच्या परिस्थितीतच एका पालकाला भेट नाकारता येईल. भेटीचे स्वरूप आणि तपशील आदेशात नेमकेपणाने लिहिले पाहिजेत. पालक दूरच्या राज्यात वा परदेशात असेल तर मुलाशी दररोज पाच-दहा मिनिटे बोलण्याची सोय व्हावी, व्हिडिओ कॉलचा उपयोग करावा, असेही न्यायालयाने सांगितले. आखातात किंवा जहाजावर नोकरी करणाऱ्यांनी या निर्णयाचे नाव वकिलाला अवश्य सांगावे.

अंतराचा प्रश्न

भेटीचे वेळापत्रक कोणत्याही कायद्यात लिहिलेले नाही. विधी आयोगाने मे २०१५ मधील २५७ व्या अहवालात संयुक्त ताबा आणि भेट यांविषयी मार्गदर्शक तत्त्वे सुचविली होती. संसदेने त्यांना कायद्याचे रूप दिलेले नाही. म्हणून सारे त्या-त्या न्यायाधीशांच्या विवेकावर आणि पक्षकार काय मागतात त्यावर अवलंबून राहते. मागणारे पालक बहुधा चुकीचे मागतात, असे खेदाने म्हणावे लागते. 'महिन्यातून दोन दिवस मूल माझ्याकडे पाठवा' ही मागणी नेहमीची. पालकाला ती सोयीची असते, पण दीड वर्षाच्या मुलाला महिनाभराचा खंड फार मोठा. दर भेटीत ओळख पुन्हा पहिल्यापासून करावी लागते, आणि ओळख पटते न पटते तोच त्याला आईवेगळे रात्री झोपावे लागते. त्यापेक्षा आठवड्यातून एक-दोनदा, दीड-दोन तास, मूल राहते त्याच गावात, हे कितीतरी हिताचे. बाळ अंगावर पीत असेल तर त्याच्या दुधाच्या आणि झोपेच्या वेळा धरूनच भेट ठरवावी.

याविषयी तामिळनाडूतील एक अलीकडचा निकाल आपल्या दोन जिल्ह्यांना जणू उद्देशूनच दिल्यासारखा आहे. आई व अडीच वर्षांची मुलगी मदुराईला, वडील करूरला. मद्रास उच्च न्यायालयाने भेट करूरला ठेवल्याने त्या मुलीला दर रविवारी जाऊन-येऊन सुमारे ३०० किलोमीटरचा प्रवास पडत होता. 'सुगिर्था विरुद्ध गौतम' या खटल्यात न्या. विक्रम नाथ आणि न्या. प्रसन्न वराळे यांनी २० डिसेंबर २०२४ रोजी हे बदलले. पित्याचा भेटीचा हक्क खरा, पण त्यासाठी मुलीच्या प्रकृतीची हेळसांड होता कामा नये, असे सांगून त्यांनी भेटीचे ठिकाण मदुराई केले. वेळ रविवारी सकाळी १० ते दुपारी २, जागा सार्वजनिक उद्यान किंवा मंदिराचे आवार, आई तेथेच, पण सुमारे दहा फूट अंतरावर.

सातारा ते सांगली रस्त्याने सुमारे सव्वाशे किलोमीटर. एसटीने कराड, पेठ नाका करीत जाताना लहान मूल काय हैराण होते, हे त्या मार्गाने गेलेल्या प्रत्येकाला ठाऊक आहे. रेल्वेने जावे तर साताऱ्याचे स्थानक शहराबाहेर माहुलीच्या बाजूला आणि कराडचे ओगलेवाडीला. तेथून पुन्हा रिक्षा. म्हणून मूल तीन-चार वर्षांचे होईपर्यंत प्रवास मोठ्यांनी करावा. त्या पालकाच्या प्रवासखर्चाचा विचार आदेशात करण्याची विनंती करता येते. मूल थोडे मोठे झाल्यावर कराडसारखे मधले ठिकाण दोघांनाही सोसते. एक आठवडा प्रत्यक्ष भेट आणि मधल्या वारी ठरल्या वेळी व्हिडिओ कॉल, असा मेळही घालता येतो. अर्थात दोन वर्षांचे मूल पडद्यापुढे पाच मिनिटांहून अधिक टिकत नाही; त्याने मध्येच पळ काढला म्हणून आईने मुद्दाम फोन बंद केला, असा आरोप करू नये.

आदेशात काय लिहून घ्यावे

'पित्यास योग्य वेळी मुलास भेटू द्यावे' असा आदेश म्हणजे दर आठवड्याच्या भांडणाची सनद. वार, वेळ, जागा, मुलाला कोणी आणून सोडायचे आणि कोणी परत घ्यायचे, हे लिहिलेले असावे. आणणारी व्यक्ती आजी असेल, मामा असेल, तर तसे नमूद करावे. ज्या दोन माणसांत हातघाई झालेली आहे त्यांनाच मुलाची देवघेव करायला लावू नये. मूल आजारी पडल्यास काय, हा प्रश्न हमखास येतो. त्यासाठी त्याच दिवशी निरोप द्यावा आणि चुकलेली भेट पुढील आठवड्यात भरून काढावी, एवढे एक वाक्य पुरते. भेटीच्या वेळी औषध, खाणे, कशाची ॲलर्जी आहे, हे एका कागदावर लिहून दिले तर बोलण्याचीही गरज उरत नाही.

सण आधीच वाटून घ्यावेत. नाताळची मध्यरात्रीची मिस्सा एका वर्षी एकाबरोबर, नाताळचा दिवस दुसऱ्याबरोबर, ईस्टरला उलट. वाढदिवशी दोघांनाही थोडा वेळ. न्यायालये भेटीसाठी रविवार देतात आणि आपल्याकडे रविवार सकाळ मिस्सेची असते. भेटीची वेळ मिस्सेला आड येत असेल तर तसे न्यायाधीशांना सांगावे, अथवा भेटीस आलेल्या पालकानेच मुलाला मिस्सेला न्यावे असे ठरवावे. हा दुसरा मार्ग आम्हाला अधिक चांगला वाटतो. मुलाच्या मनात पित्याचे चित्र कोर्टाच्या व्हरांड्याऐवजी देवमंदिरातल्या बाकावरचे राहील.

जागेविषयी थोडे अधिक. न्यायालयाचे आवार सुरक्षित असते, पण लहान मुलासाठी ते रूक्ष ठिकाण आहे. वांद्रे येथील कौटुंबिक न्यायालयाने मुलांच्या भेटीसाठी स्वतंत्र बालसंकुल ठेवले, ते याच जाणिवेने. तालुक्याच्या ठिकाणी अशी सोय सहसा नसते. आमच्या मते धर्मग्रामाचे सभागृह किंवा शाळेचे पटांगण यासाठी फार उपयोगी पडू शकेल. दोन्ही पक्षांना मान्य असलेले एखादे सिस्टर किंवा वयस्क दांपत्य तेथे हजर असावे. मात्र त्यांनी पंच होऊ नये आणि कोण किती वाजता आले याचे साक्षीदार म्हणून वापरलेही जाऊ नये. तसे झाले की दुसरा पक्ष त्या जागेवरून विश्वास काढून घेतो.

मूल वसतिगृहात असेल तर वेगळी काळजी घ्यावी लागते. सातारा जिल्ह्यातील पाचगणी निवासी शाळांसाठी प्रसिद्ध आहे आणि विभक्त पालकांची मुले अशा शाळांत असतात. कोणास भेटू द्यावे या पेचात शाळेला टाकू नये. आदेशाची प्रत मुख्याध्यापकांकडे दोन्ही पालकांच्या माहितीने दिलेली असावी.

मूल रडते तेव्हा

साधारण आठव्या महिन्यापासून मूल अनोळखी चेहऱ्याला बिचकू लागते आणि जवळच्या माणसापासून दूर होताना रडते. ही वाढीची नेहमीची पायरी आहे. खूप दिवसांनी भेटलेला बाप त्याच्या लेखी अनोळखीच. ते रडले याचा अर्थ त्याला बाप नको असा होत नाही. निरोपाच्या वेळी आईकडे परत जाताना रडले तर आईकडे त्याचे हाल होतात असाही होत नाही. दोन्ही बाजू या रडण्याचे मोबाइलवर चित्रण करून न्यायालयात देतात. रडणारे मूल शांत करायचे सोडून त्याच्यावर कॅमेरा धरणाऱ्या माणसाविषयी न्यायाधीशांचे काय मत होत असेल, याची कल्पना करावी. पहिल्या काही भेटींत पालकाने जवळ बसून नुसते खेळावे. उचलून घेण्याची घाई करू नये, महागड्या खेळण्यांचा ढीग लावू नये, 'घरी कोण कोण येते' असली चौकशी तर मुळीच करू नये.

मुलाच्या मनात दुसऱ्या पालकाविषयी विष कालवले जाते, ही तक्रारही नेहमीची. २०१७ साली 'विवेक सिंग विरुद्ध रोमानी सिंग' या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने अशा दुराव्याची गंभीर दखल घेतली होती. २०२४ मध्ये मात्र त्याच न्यायालयाने सावध केले की, नुसते नाव ठेवून भागत नाही. मूल कोणत्या वागण्यामुळे दुरावले ते प्रत्यक्ष दाखवावे लागेल. मूल का बिचकते याला खरेखुरे कारणही असू शकते.

भेट केव्हा नाकारावी

पोटगी दिली नाही म्हणून भेट नाकारता येत नाही आणि भेट मिळत नाही म्हणून पोटगी थांबविता येत नाही. या दोन गोष्टींची न्यायालयात वजाबाकी होत नाही. मुलाचे पोट आणि मुलाची माया हे त्याचे दोन वेगळे हक्क आहेत. घरातील भांडणात हे एकमेकांना बांधले जातात आणि दोन्ही बुडतात.

भय असेल तेथे गोष्ट निराळी. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम २१ अन्वये दंडाधिकारी पीडित स्त्रीकडे मुलाचा तात्पुरता ताबा देऊ शकतात आणि प्रतिपक्षाच्या भेटीची व्यवस्था ठरवू शकतात. भेटीने मुलाच्या हिताला धोका आहे असे त्यांना वाटल्यास त्यांनी भेट नाकारलीच पाहिजे, असे ते कलम सांगते. मारहाण, दारूच्या नशेत येणे, मूल पळवून नेण्याची धमकी, मुलावर अत्याचाराचा संशय, असे काही असेल तर ते लपवू नये. 'घरची अब्रू' राखण्यासाठी धर्मग्रामातील वडीलधाऱ्यांनी स्त्रीवर दडपण आणून एकांतातील भेट कबूल करवून घेऊ नये. पूर्ण बंदी आणि मोकळी भेट यांच्यामध्ये देखरेखीखालील भेट हा मार्ग आहे. तो मागता येतो.

आदेश असूनही मूल आणले नाही तर ठरल्या जागी वेळेवर जाऊन थांबावे, तारीख-वेळ लिहून ठेवावी आणि न्यायालयास कळवावे. घरावर माणसे घेऊन जाऊ नये. कलम १२ चा आदेश मोडून मूल हजर न करणाऱ्यास कलम ४५ खाली दंड आहे. दंडाची रक्कम १८९० सालचीच राहिली आहे: शंभर रुपये, आणि पुढे रोज दहा रुपये, एकूण पाचशेपर्यंत. ही रक्कम आज हास्यास्पद वाटेल. पण मूल हजर करण्याची हमी देईपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवण्याचा अधिकारही त्याच कलमात आहे. याखेरीज न्यायालयाच्या अवमानाची कारवाई होऊ शकते आणि वारंवार भेट चुकविणे ताब्याचा फेरविचार करण्यास कारण ठरू शकते.

ख्रिस्तसभेची व्यवस्था

ख्रिस्तसभेच्या १९८३ च्या विधिसंहितेत, विवाहबंधन कायम ठेवून विभक्त राहण्याविषयी ११५१ ते ११५५ हे नियम आहेत. त्यांपैकी ११५४ वा नियम असा की, पती-पत्नी विभक्त झाल्यावर मुलांच्या पोषणाची आणि शिक्षणाची योग्य तजवीज नेहमीच झाली पाहिजे. विवाह रद्दबातल ठरला तरी मुलांच्या औरसपणाला धक्का लागत नाही, हे ११३७ व्या नियमावरून स्पष्ट होते; तशी भीती बाळगून कित्येक माता न्यायाधिकरणाकडे जातच नाहीत. पोप फ्रान्सिस यांच्या २०१५ च्या सुधारणेनंतर १६९१ व्या नियमात सांगितले आहे की, निकाल देताना दोघांनाही परस्परांविषयीच्या आणि मुलांविषयीच्या नैतिक व नागरी कर्तव्यांची आठवण करून द्यावी. २०१६ च्या 'आमोरिस लेतित्सिया' या प्रबोधनपत्राच्या २४५ व्या परिच्छेदात पोप महोदयांनी विभक्त आई-वडिलांना कळकळीने विनविले आहे की, मुलाला ओलीस धरू नका.

धर्मप्रांताच्या न्यायाधिकरणाला भेटीचा आदेश मात्र देता येत नाही. त्याच्या निकालाला नागरी कायद्यात परिणाम नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ सालीच स्पष्ट केले आहे. विभक्ततेच्या बाबतीत, धर्मसत्तेच्या निर्णयाला नागरी परिणाम नसेल तेथे नागरी न्यायालयात जाण्यास महागुरुस्वामी अनुमती देऊ शकतात, असे १६९२ वा नियम सांगतो. न्यायालयात गेलो तर ख्रिस्तसभेच्या विरोधात गेलो, ही शंका म्हणून निराधार आहे.

बाळाच्या स्नानसंस्कारावरून वाद होतो. ८६८ व्या नियमाप्रमाणे आई-वडिलांपैकी किमान एकाची संमती असावी लागते. एकाने संमती दिली तर विधी होऊ शकतो, परंतु दुसऱ्याला न कळविता तो उरकून घेणे शहाणपणाचे नाही. स्नानसंस्काराची आणि पुढे प्रथम ख्रिस्तप्रसादाची तारीख दोघांनाही कळवावी, आणि देवमंदिरात दोघांनाही जागा असावी.

खर्चाची अडचण असणाऱ्यांसाठी सातारा आणि सांगली येथे जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. १९८७ च्या कायद्याने स्त्रिया आणि मुले यांना उत्पन्नाची अट न लावता तेथे विनामूल्य वकील मिळतो. पुरुषांसाठी उत्पन्नाची मर्यादा आहे. दावा दाखल होण्यापूर्वी मध्यस्थीची विनंतीही तेथे करता येते. जाताना विवाहाचा दाखला, मुलाचा जन्मदाखला, मूल सध्या जेथे राहते तेथील पुरावा आणि बालवाडीत जात असल्यास तेथील वेळांचा कागद बरोबर न्यावा.